गाईडला कात्री लावू नका!

डिसेंबर आला की कॉलेजात सहलीचे बेत सुरू. जालन्याहून मंठ्यामार्गे लोणार एका दिवसात होतं. पहाटे स्वेटर घालून एसटीत बसा, रात्री घरी. पण वर्गणी कमी पडली की आपण पहिली कात्री गाईडलाच लावतो! मग सुमारे १.८ किलोमीटर रुंदीचं ते विवर उरतं फक्त सेल्फीपुरतं. उल्का आदळून ते बेसाल्टमध्ये कसं तयार झालं, २०२० च्या जूनमध्ये खारं पाणी सूक्ष्मजीवांमुळे गुलाबी कसं दिसलं, दैत्यसूदन मंदिराचा आणि लवणासुराच्या कथेचा काय संबंध, हे काठावर उभं राहून ऐकण्यात मजा आहे. यूट्यूबवरही सापडेल म्हणा, पण त्याला उलटा प्रश्न विचारता येतो का? बसभर पोरांत वाटली तर गाईडची फी कितीशी पडेल? पैसे वाचवायचेच असतील, तर स्पीकरचं भाडं वाचवा की राव.