सहवीजनिर्मिती प्रकल्पाची काजळी थांबवण्याबाबत निवेदन

स्थळ : मलकापूर, ता. शाहूवाडी

प्रति,
मा. जिल्हाधिकारी साहेब,
जिल्हाधिकारी कार्यालय, कोल्हापूर

विषय : कडवी-वारणा खोऱ्यातील सहवीजनिर्मिती प्रकल्पातून पडणारी काजळी व राख येत्या हंगामापूर्वी बंद करणेबाबत.

संदर्भ : आमचे यापूर्वीचे अर्ज (पोच घेतलेल्या प्रती सोबत).

महोदय,

आम्ही खाली सह्या करणारे मलकापूर व परिसरातील ग्रामस्थ हे निवेदन देत आहोत. प्रकल्पाचे नाव जोडपत्रात आहे. संबंधित खात्याला ते एव्हाना तोंडपाठ असावे. संमतिपत्रातील अटी आम्ही इथे उतरवून काढत नाही. त्या शासनानेच घातलेल्या आहेत.

त्रास मात्र पुन्हा सांगावा लागतो. गळीत सुरू झाले की मध्यरात्रीच्या सुमारास चिमणीचा धूर काळा होतो आणि पहाटेपर्यंत काजळी पडत राहते. बगॅसची, म्हणजे उसाच्या चिपाडाची, राख हलकी, वाऱ्यावर लांब जाते. सकाळी अंगण झाडले की सूपभर निघते. दोरीवरचे धुणे परत भिजवायचे, पाण्याच्या टाकीवरचा थर फडक्याने काढायचा, मग चूल. उसाचे वाडे झटकल्याशिवाय म्हशी तोंड लावत नाहीत आणि झटकणाऱ्या बाईचे तोंड काळे होते. पापड-कुरडया गच्चीवर घालणे बायकांनी सोडून दिले आहे. दुचाकीवाल्याच्या डोळ्यात कण गेला की दिवसभर डोळा चुरचुरतो. लहान मुलांचा खोकला हंगामाबरोबर येतो आणि पट्टा पडल्यावर कमी होतो, हे कोणत्याही आईला विचारावे.

धुरातील राख पकडणारी ईएसपी यंत्रणा रात्री बंद ठेवली जाते, असा आमचा स्पष्ट आरोप आहे. प्रकल्पाचे म्हणणे, ती ट्रिप होते. रात्रीच ट्रिप होणारी आणि तपासणीच्या दिवशी कधीच न होणारी ही यंत्रणा कोणत्या कंपनीची, ते तरी कळावे. पथक येणार हे प्रकल्पाला आदल्या दिवशी समजते. त्या दिवशी धूर पांढरा असतो, नमुने मर्यादेत येतात आणि आमची तक्रार निकाली निघते. एका बैठकीत ‘बगॅस हे हरित इंधन आहे’ असेही आम्हाला ऐकवण्यात आले. इंधन हरित असेल; पडते ती काजळी काळीच आहे.

दुरुस्ती दसऱ्यापर्यंत होईल, असे गेल्या हंगामाआधी सांगितले. नंतर दिवाळी म्हणाले. दिवाळीनंतर उत्तर आले की चालू हंगामात बॉयलर बंद करता येत नाही. हंगाम संपल्यावर गेलो, तर ‘आता काजळीच नाही, नमुना कशाचा घ्यायचा?’ दुरुस्तीची आश्वासने देणारे अधिकारी बदलून गेले, कागद आमच्याकडे आहेत.

करायचे म्हटले तर होते. डहाणूत सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशाने १९९६ मध्ये प्राधिकरण नेमले गेले. न्या. चंद्रशेखर धर्माधिकारी अध्यक्ष असलेल्या त्या प्राधिकरणाने पाठ सोडली नाही, म्हणून तिथल्या ५०० मेगावॅटच्या औष्णिक केंद्राला धुरातील गंधक काढणारी यंत्रणा बसवावी लागली. ती २००७ मध्ये सुरू झाली. आमचा प्रकल्प त्या मानाने लहान आहे आणि यंत्रणा बसवलेलीच आहे. ती फक्त चालवायची आहे.

सबब आमच्या मागण्या :

१. पूर्वसूचना न देता रात्री तपासणी व्हावी, ग्रामस्थांना पंच म्हणून घ्यावे. बॉयलरच्या वाफेची नोंद आणि ईएसपीच्या वीजवापराची नोंद, तासवार, शेजारी शेजारी ठेवून पाहावी. बॉयलर चालू आणि ईएसपीचा वापर शून्य, असे किती तास निघतात ते लेखी कळवावे. यासाठी प्रयोगशाळा लागत नाही.

२. ओढ्याकाठी टाकलेली राख पावसाआधी उचलावी. जुलै २०२२ मध्ये कोराडी औष्णिक केंद्राचा खसाळा येथील राख-तलाव फुटला, तेव्हा काय झाले ते आपण जाणता.

३. धुराच्या ऑनलाइन मोजणीचे आकडे प्रकल्पाच्या दारात मराठीत दिसावेत.

४. बगॅसच्या ढिगावर जाळी, राखेच्या ट्रॉलीवर ताडपत्री.

५. ओढ्यात सोडलेल्या पाण्याची तपासणी.

पहिल्या मागणीतील नोंदी गेल्या हंगामापुरत्या तपासून लेखी कळवल्याशिवाय यंदा बॉयलर अग्निप्रदीपनास परवानगी देऊ नये. त्या समारंभाच्या व्यासपीठावर तपासणी करणाऱ्या खात्याचे कोणी फेटा बांधून बसू नये. ही मागणी नव्हे, पण लोक बघतात. लेखी उत्तर न आल्यास अग्निप्रदीपनाच्या दिवशी आम्ही प्रकल्पाच्या दारात बसू. तोंडी आश्वासनावर उठणार नाही.

आपले विश्वासू,
मलकापूर व परिसरातील ग्रामस्थ
(सह्यांची यादी सोबत)

प्रत माहितीसाठी : मा. तहसीलदार, शाहूवाडी