फाइल कोणाची, हे विचारायला शिकवा

विंडोजवर एखादे नवे सॉफ्टवेअर सुरू करायला जावे आणि पडद्यावर इंग्रजी चौकट उमटावी: ‘व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल’ सापडत नाही, प्रोग्राम पुन्हा इन्स्टॉल करून पाहा. हिंगोली, सेनगाव, कळमनुरीच्या सेवा केंद्रांत काय किंवा मुंबईच्या कचेऱ्यांत काय, समोर माणसे खोळंबलेली असली की ती चौकट पूर्ण वाचायला सवड कोणाला? मग फाइलचे नाव गुगलवर टाकायचे, जे संकेतस्थळ आधी दिसेल तिथून ती उतरवायची आणि ‘सिस्टिम३२’ फोल्डरमध्ये टाकून मोकळे व्हायचे, ही पळवाट सगळीकडे रूढ आहे. ही सवय मोडणे हे टायपिंगइतकेच संगणक साक्षरतेचे काम आहे आणि त्यासाठी या फायली ओळखायला रीतसर शिकवले पाहिजे.

विंडोजची पहिली आवृत्ती १९८५ मध्ये आली, तेव्हा संगणकाची स्मृती तोकडी होती. सगळ्याच प्रोग्रामना लागणारे काम प्रत्येकाने वेगळे वाहण्यापेक्षा ते एका फाइलीत ठेवावे आणि सगळ्यांनी तिथून घ्यावे, हा डीएलएल, म्हणजेच सामाईक लायब्ररी फाइलीमागचा विचार. लिनक्सवर याच जातीच्या फायली ‘एसओ’ नावाने असतात, मॅकवर ‘डायलिब’. सामाईक विहिरीवर चार खातेदारांची शेते भिजतात, पण पाण्यात कोणी काही कालवले तर चौघांचेही पीक जाते. तसाच हा व्यवहार. २०१४ मध्ये ‘ओपनएसएसएल’ या लायब्ररीत ‘हार्टब्लीड’ हा दोष सापडला, तेव्हा जगभरचे असंख्य सर्व्हर एकदम उघडे पडले. मात्र लायब्ररी दुरुस्त झाल्यावर तिच्यावर विसंबलेल्या प्रोग्रामची दुरुस्तीही त्याच वाटेने झाली.

हा धोका गावपातळीवर कुठे बसतो, ते पाहण्यासाठी डिजिटल स्वाक्षरीचे उदाहरण पुरे. फेरफार किंवा दाखल्यावर अधिकारी सही करतो, तेव्हा संगणकाला लावलेल्या यूएसबी टोकनशी बोलण्याचे काम टोकन बनवणाऱ्या कंपनीची लायब्ररी करते. गुप्त कळ टोकनाबाहेर येत नाही, हे खरे. पण सहसा पिन संगणकावरच टाकला जातो आणि याच लायब्ररीतून पुढे जातो. तिच्या जागी बनावट फाइल बसली तर पिन तिच्या हाती लागेल आणि टोकन जोडलेले असेपर्यंत नको त्या कागदावरही सही उमटू शकेल. हा कल्पनाविलास नव्हे. २०१० मध्ये उघडकीस आलेल्या स्टक्सनेट या घातक प्रोग्रामने सीमेन्सच्या सॉफ्टवेअरमधली मूळ डीएलएल नाव बदलून बाजूला ठेवली आणि तिच्या जागी आपली बसवली. यंत्रांना भलतेच हुकूम गेले, अभियंत्यांना पडद्यावर मात्र सारे ठीकठाक दिसत राहिले.

ओळख पटवणे तितके अवघड नाही. फाइल कुठे आहे, तिच्यावर सही कोणाची आहे आणि ती कोणत्या सॉफ्टवेअरबरोबर आली, एवढे पाहायचे. फाइलवर राइट क्लिक करून ‘प्रॉपर्टीज’मध्ये गेले की डिजिटल सही दिसते. ती तिथे दिसली नाही म्हणून फाइल लगेच खोटी ठरत नाही, कारण विंडोजच्या कित्येक मूळ फायलींची सही वेगळ्या कॅटलॉग फाइलीत असते. आणखी एक गोम अशी, की ६४ बिट विंडोजमध्ये ६४ बिटच्या फायली ‘सिस्टिम३२’मध्ये असतात आणि ३२ बिटच्या ‘सिसवॉव६४’मध्ये, नावावर गेलात तर फसलात. सुरुवातीची ती हरवलेली फाइल मायक्रोसॉफ्टच्या ‘व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल’ संचात असते. हा संच कंपनीच्याच संकेतस्थळावर फुकट मिळतो. सुटी फाइल शोधण्याऐवजी तो बसवावा.

अँटिव्हायरस असताना सामान्य माणसाने ही डोकेदुखी का घ्यावी, असे कोणी म्हणेल. पण अँटिव्हायरस प्रत्येक नवी लबाडी पकडतोच असे नाही. मग सहीवर तरी भरवसा का ठेवावा, हा पुढचा आणि जास्त वजनदार प्रश्न. सोलरविंड्स या सॉफ्टवेअर कंपनीच्या २०२० च्या प्रकरणातल्या दूषित डीएलएलवर कंपनीचीच अस्सल सही होती आणि ती सुमारे १८ हजार ग्राहकांपर्यंत पोहोचली होती. म्हणजे सही ही हमी नाही, हे मान्यच. तरीही अस्सल सही मिळवायला कंपनीच्या आत शिरावे लागते. कुठल्यातरी संकेतस्थळावर बनावट फाइल ठेवायला काहीच लागत नाही. शिवाय नजर सरावलेली असली की सहीपलीकडचेही दिसते. २०२४ मध्ये अँड्रेस फ्रॉइंड या अभियंत्याला लॉगिनला अर्धा सेकंद जास्त का लागतो, हे खटकले आणि ‘लिबएलझेडएमए’ या लायब्ररीत पेरलेले चोरदार सापडले. उरला ‘सरळ फॉरमॅट मारा’ हा सल्ला. त्यात दिवस जातो, बॅकअप नसेल तर कागदपत्रेही जातात, आणि पुढची चौकट आली की तीच पळवाट पुन्हा धरली जाते.

हिंगोली जिल्ह्यातल्याच औंढा नागनाथ तालुक्यात गुरुत्वीय लहरी टिपण्यासाठी होणाऱ्या लायगो-इंडिया प्रकल्पाला केंद्राने एप्रिल २०२३ मध्ये २,६०० कोटी रुपये मंजूर केले. लायगोच्या शास्त्रज्ञांनी या लहरींच्या विश्लेषणासाठी विकसित केलेला ‘लालस्वीट’ हा संच म्हणजे मुक्त लायब्रऱ्यांचाच मेळ आहे. त्यांचा कोड कोणालाही उघडून वाचता येतो. असा प्रकल्प दाराशी येत असताना इथल्या मुलांनी लायब्ररी फाइलची पहिली ओळख त्रुटीच्या संदेशातून करून घ्यावी, हे बरे नाही. आयटीआयच्या ‘कोपा’ ट्रेडमध्ये, एमएस-सीआयटीच्या वर्गात आणि सेवा केंद्रचालकांच्या प्रशिक्षणात यावर एक प्रात्यक्षिक सक्तीचे करावे. दिलेल्या पाच फायलींचे ठिकाण, सही आणि मूळ सॉफ्टवेअर शोधून लिहा, एवढाच प्रश्न असावा. त्याला ना नवी यंत्रे लागतात, ना वेगळा निधी.