दारूगोळा कुणी उचलायचा?



14 एप्रिल ही तारीख आपल्याला कुणी शिकवावी लागत नाही. पण सरकारी कॅलेंडरात त्याच तारखेला आणखी एक नोंद असते, अग्निशमन सेवा दिन. का असते, हे वस्तीतल्या दहा पोरांना विचारा. नऊ जण तोंडाकडं बघत राहतील.

14 एप्रिल 1944. दुसरं महायुद्ध चालू. मुंबईच्या व्हिक्टोरिया गोदीत फोर्ट स्टिकिन नावाचं जहाज उभं. पोटात जवळपास चौदाशे टन दारूगोळा, त्याच्याच जोडीला कापसाच्या गाठी, तेलाची पिंपं आणि सोन्याच्या 31 पेट्या. कापूस आणि दारूगोळा एका पोटात भरायची अक्कल कुण्या साहेबाची, ते साहेबालाच ठाऊक. दुपारी आग लागली. चारनंतर पहिला स्फोट, अर्ध्या तासात दुसरा. गोदी गेली, आजूबाजूच्या वस्त्या पेटल्या. 66 जवान आग विझवता विझवता मेले. त्यांचा तो दिन. त्यांना सलाम आहेच.

पण गोदीतला मजूर? पाठीवर पेटी घेऊन चढणारा-उतरणारा? त्याचा दिन कुठला? मेलेल्यांचा सरकारी आकडा सातशेच्या आसपास, इतरांचे अंदाज तेराशेपर्यंत जातात. म्हणजे पाच-सहाशे माणसं 'अंदाजात' राहिली. सोन्याचं मात्र तसं नाही. गाळातून विटा निघत राहिल्या, कित्येक वर्षांनीही निघाल्या, आणि प्रत्येक वीट मोजून घेतली. सोन्याला यादी होती. माणसाला नव्हती.

आणि बातमी? अख्ख्या मुंबईनं धडाका ऐकला, पण लिहायची बंदी. जपान्यांच्या ताब्यातल्या सायगाव रेडिओनं दुसऱ्याच दिवशी सविस्तर सांगितलं, आणि आपल्याकडच्या पत्रकारांना बातमी पाठवायची मुभा मिळाली मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात. आपल्या घरात काय जळालं ते शत्रूच्या रेडिओवरून कळावं, याला म्हणे युद्धकाळातली शिस्त. त्या वेळी बाबासाहेब व्हाइसरॉयच्या मंत्रिमंडळात मजूरमंत्री होते. पण बंदरं आणि लढाई त्यांच्या हातात नव्हती.

आता दुनियेचं दुसरं टोक. जवळपास तीन महिन्यांनी, 17 जुलै 1944 च्या रात्री, अमेरिकेत कॅलिफोर्नियातल्या पोर्ट शिकागो नावाच्या नौदलाच्या धक्क्यावर तोच प्रकार झाला. दोन जहाजं, दारूगोळ्याची भरती, स्फोट. 320 ठार. त्यातले 202 काळे. हे काय नशिबाचं गणित नव्हतं. तिथं बॉम्ब उचलणारे सगळे काळे आणि हुकूम सोडणारे सगळे गोरे. दारूगोळा कसा हाताळावा याचं धड शिक्षण त्यांना दिलेलं नव्हतं, उलट कुणाची टोळी जास्त टन भरते यावर अधिकारी आपसात पैजा लावायचे. स्फोटानंतर गोऱ्या अधिकाऱ्यांना घरी जायला रजा मिळाली. काळ्यांना आपल्याच सोबत्यांचे तुकडे गोळा करायला लावलं, आणि तीन आठवड्यांत दुसऱ्या धक्क्यावर नेऊन पुन्हा तेच काम सांगितलं.

ते म्हणाले, नाही उचलत.

अडीचशेच्या वर लोक अडून बसले. पन्नास जणांवर बंडाचा खटला भरला आणि पन्नासही दोषी ठरवले. शिक्षा पंधरा वर्षांपर्यंत. लढाई संपल्यावर, 1946 साली, बहुतेकांना गुपचूप सोडलं, पण कपाळावरचा शिक्का तसाच ठेवला. मेलेल्यांच्या घरच्यांना पाच हजार डॉलर द्यावेत असा प्रस्ताव होता. मिसिसिपीचा रँकिन नावाचा खासदार उठला. मेलेले बहुतेक काळे आहेत हे कळल्यावर म्हणाला, दोन हजार पुरे. शेवटी तीन हजारांवर सौदा तुटला. बलिदानाचाही भाजीबाजार! नौदलानं त्या सगळ्यांना निर्दोष ठरवलं ते 17 जुलै 2024 ला. ऐंशी वर्षांनी. तोवर पन्नासातला एकही जिवंत उरला नव्हता.

ही जागा ऑकलंडपासून फार लांब नाही. ज्या ऑकलंडात 1966 साली ब्लॅक पँथर जन्मली आणि जिच्या नावावरून 1972 साली मुंबईत आपल्या पोरांनी नाव घेतलं, तेच ऑकलंड. नाव घेतलं, पण ही गोष्ट आपल्यापैकी कितीजणांनी ऐकली होती?

आपल्या घरचा हिशोब काही निराळा नाही. 1818 च्या कोरेगावच्या स्तंभावर महार शिपायांची नावं कोरली, आणि 1892 च्या सुमारास त्याच इंग्रजानं महारांची भरती बंद केली. म्हणे तुम्ही लढाऊ जमात नाही. गोपाळबाबा वलंगकर, शिवराम जानबा कांबळे अर्ज करून करून थकले. मग पहिलं महायुद्ध पेटलं, माणूस कमी पडला, आणि 1917 ला 111 वी महार पलटण उभी राहिली. लढाई संपली, 1921 ला मोडली. पुन्हा महायुद्ध आलं तेव्हा बाबासाहेबांनी हट्ट धरला आणि 1941 ला महार रेजिमेंट उभी झाली. लढाई लागली की आपण लढाऊ, संपली की अस्पृश्य. त्या रेजिमेंटच्या बिल्ल्यावर आधी कोरेगावचा स्तंभ होता. स्वातंत्र्यानंतर तो काढून टाकला. का काढला हे 1 जानेवारीला भाषण ठोकणाऱ्या एका तरी पुढाऱ्यानं सांगितलंय?

मी हे आसगावातून लिहितोय, भंडारा जिल्ह्यातून. आमच्याकडं पोट्टे अंधारातच रस्त्यावर धावायला निघतात. भरतीसाठी. ज्याच्या घरी धानाची दीड एकर बांधी आणि खाणारी सहा तोंडं, त्याला मी देशभक्तीवर व्याख्यान देणार नाही, आणि भरतीला जाऊ नको असंही म्हणणार नाही. फक्त एवढं सांगतो. 2022 साली आलेली अग्निपथ योजना चार वर्षांची, त्यातून शंभरात पंचवीस ठेवायचे, बाकीच्यांनी घरी यायचं. 1917 ते 1921, तीही चारच वर्षं होती. बोटं मोडून बघ गड्या.

आणि वर्दीसुद्धा न मिळता मरायची सोय आमच्या विदर्भात आहेच. 20 नोव्हेंबर 2018 ला वर्धा जिल्ह्यात पुलगावला निकामी दारूगोळा नष्ट करताना स्फोट झाला. सहा मेले. त्यात ठेकेदाराच्या रोजंदारीवर आलेले आसपासच्या खेड्यांतले मजूर होते. 24 जानेवारी 2025 ला आमच्याच जिल्ह्यात, जवाहरनगरच्या आयुध कारखान्यात छत कोसळलं आणि निदान आठ कामगार गेले. दोन दिवसांनी प्रजासत्ताक दिन. झेंडा वर गेला, लाडू वाटले.

सीमेवर मेला तो शहीद. त्याच्या बंदुकीतली गोळी बनवताना मेला तो 'दुर्घटनाग्रस्त'. आणि ठेकेदाराच्या वहीत अंगठा उठवून मेला तो? त्याला तर शब्दच नाही. मी त्यांची जात विचारत नाही. विचारतो ते एवढंच की कायम किती होते, ठेक्यावर किती, शिक्षण किती दिवसांचं दिलं आणि चौकशीचा कागद कुठं आहे. 'संरक्षणाची बाब' म्हणून फाइल बंद करणारा साहेब आणि 1944 चा सेन्सॉर, यांच्यात मला तरी फरक दिसत नाही.

म्हणून पुढचा अंक कवितांचा नाही. कवी मंडळींनी रागावू नये. पुढचा अंक यादीचा. तुमचा आजा-पणजा पलटणीत होता, गोदीत होता, दारूगोळ्याच्या कारखान्यात किंवा डेपोत होता, तर त्याचं नाव, गाव, साल आणि काम लिहून पाठवा. डिस्चार्जचा कागद, गोदीचा बिल्ला, पेन्शनचं पुस्तक, पेटीच्या तळाशी जे असेल ते बघा. आज्यांना विचारा, त्यांना ठाऊक असतं. कागद नसला तरी चालेल, कुणाच्या आठवणीतलं आहे तेवढं मात्र नक्की लिहा.