सोशिकपणाचे कौतुक पुरे

गृहिणीच्या अबोलपणास ‘समाधान’ हे नाव देण्याची आमच्या कथालेखकांची खोड काही केल्या जात नाही. कथेतील ती पहाटे उठते, चहाचे आधण ठेवते, डबे भरते, खिडकीशी क्षणभर थबकते, एक सुस्कारा टाकते आणि पुन्हा कामाला लागते. वाचक गहिवरतो. त्या सुस्काऱ्यात होते तरी काय, हे मात्र कथा सांगत नाही.

सरकारी दप्तर याहून डोळस आहे असे नव्हे. मी त्याच दप्तरातला एक कारकून आहे. २००१ च्या जनगणनेत गृहिणींना भिकाऱ्यांच्या पंक्तीस बसविल्याबद्दल सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली कडक ताशेरे ओढले. तरीही २०११ च्या जनगणनेत ‘काम न करणाऱ्यां’च्या यादीत घरकाम आणि भिक्षा ही दोन्ही सदरे शेजारधर्म पाळून होतीच! २०१९ च्या सरकारी वेळ-वापर पाहणीने निदान हिशेब मांडला : घरकाम करणारी स्त्री त्यात दिवसाची सरासरी २९९ मिनिटे घालविते, पुरुष ९७, आणि मुळात घरकामाला हात लावणारे पुरुष चारांत एक.

परंतु तिचा झगडा मिनिटांच्या हिशेबात मावत नाही. बदलीचा हुकूम नवऱ्याच्या नावे निघतो. शाळेतील नोकरी सुटते ती तिची. परप्रांतात त्याला कचेरी मिळते, मुलांना सोबती मिळतात. तिच्या वाट्याला नवे स्वयंपाकघर आणि भाजीवाल्यापुरती हिंदी. पुन्हा नोकरी धरावी, असे ती मनाशी कितीदा ठरविते! पण बोलावे कधी? मुलाची परीक्षा होऊ दे, नणंदेचे लग्न पार पडू दे, सासूबाईंच्या मोतीबिंदूची शस्त्रक्रिया होऊ दे. वर्षे अशी सरतात. कचेरीत यालाच ‘प्रकरण प्रलंबित’ म्हणतात आणि वरून स्मरणपत्रे येतात. घरात त्याला सोशिकपणा म्हणून हार घालतात.

‘मग तिने बोलावे की! कोणी अडविले आहे?’ असे विचारणारे सज्जन भेटतात. १९३३ साली ‘कळ्यांचे निःश्वास’मधून विभावरी शिरूरकर बोलल्या, तेव्हा त्या काय म्हणतात यापेक्षा या टोपणनावाआड कोण बाई दडली आहे, याचीच शोधाशोध अधिक झाली. आजही जेवणाच्या पानावर बायकोने हा विषय काढला, तर नवऱ्याचा पहिला प्रश्न असतो, ‘हे तुझ्या डोक्यात कोणी भरविले?’