तारीख परगावी, लेकरू कडेवर
सासर नाशकात, माहेर नांदेडला. छळाच्या केसची तारीख आली की लेकरू कडेवर घेऊन रात्रभराचा प्रवास. मजुरी बुडते ती वेगळीच. अशा भगिनींना आम्ही सांगतो, केस माहेरच्या कोर्टात मागता येते. राज्यातल्या राज्यात उच्च न्यायालयाकडे (नागरिक सुरक्षा संहिता, कलम ४४७), परराज्यातून आणायची तर सर्वोच्च न्यायालयाकडे (कलम ४४६). नुसते 'लांब पडते' लिहून भागत नाही. तान्हे मूल, धमक्या, प्रवासखर्च सारे प्रतिज्ञापत्रावर मांडावे. फिर्याद अजून दिलीच नसेल तर आसरा घेतला तिथल्या ठाण्यातही देता येते, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्येच सांगितले. तरी काही फौजदार 'सासरच्या ठाण्यात जा' म्हणतात! वकिलाच्या फीची धास्ती नको. १९८७ च्या कायद्याने स्त्रीला, उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळतो. तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करावा. आदेश हाती पडेपर्यंत मात्र तारीख चुकवू नये.