इसवी सन १८८३ चा चेंडू

फुटबॉल हा विलायतेतील बड्या घरच्या मुलांचा खेळ, आणि तो हिंदुस्थानात गोऱ्या पलटणींनी आणला, असे आमच्या पुष्कळ वाचकांनी ऐकले असेल. कलकत्ता व मुंबई या शहरांपुरते ते बव्हंशी खरेही आहे. परंतु आमच्या गोवा-दमण महाधर्मप्रांतात, ज्यात आमचे सिल्वासाही मोडते, हा चेंडू निराळ्या वाटेने आला. तो आला १८८३ साली, एका धर्मगुरूंच्या हस्ते. आणि नेमक्या त्याच साली विलायतेत बड्या घरच्या मुलांचे या खेळावरील राज्य संपुष्टात आले. या दोन घटनांचा एकमेकींशी काही संबंध नाही. तरीही त्या शेजारी ठेवून पाहाव्यात असे आम्हांस वाटते.

प्रथम विलायतेकडे वळू. ईटन कॉलेज हे नावाने कॉलेज, वस्तुतः मुलांची निवासी शाळा. सहावे हेन्री राजे यांनी १४४० साली ती स्थापिली ती गरीब विद्यार्थ्यांसाठी. पुढे ती उमरावपुत्रांची होऊन बसली. (सत्कार्यांची अशी वाट लागलेली आपण इतरत्रही पाहतो.) तेथील माजी विद्यार्थ्यांचा संघ १८८२ साली एफ. ए. चषकाचा मानकरी ठरला. त्यांचे कर्णधार आर्थर किनेर्ड हे लांब दाढीचे सद्गृहस्थ. जिंकल्याच्या आनंदात त्यांनी मैदानावरच शीर्षासन केले, अशी आख्यायिका आहे. पुढच्या हंगामातही या संघाने नॉट्स काउंटीस २-१ असे नमवून अंतिम सामना गाठला. चषक पुन्हा ईटनकरांकडेच राहणार, असेच दिसत होते.

समोर आला ब्लॅकबर्न ऑलिंपिक हा संघ. ब्लॅकबर्न हे कापडगिरण्यांचे गाव. संघात विणकर होते, सूत कातणारा होता, ओतीव लोखंडाचे काम करणारे होते, नळकाम करणारा होता, दंतवैद्याचा मदतनीसही होता. उपान्त्य सामन्यात त्यांनी चार्टरहाउस शाळेच्या माजी विद्यार्थ्यांचा ४-० असा धुव्वा उडविला होता. मात्र दिवसभर गिरणीत राबणाऱ्या माणसाने सराव करावा कधी? गावातील एका लोखंडाच्या कारखान्याच्या मालकाने ही अडचण ओळखली, खर्च पत्करला आणि संघाला अंतिम सामन्यापूर्वी ब्लॅकपूल येथे समुद्रकिनारी काही दिवस राहून सराव करता आला. तेथे पहाटे फिरणे, वेळच्या वेळी जेवण आणि खेळ एवढाच उद्योग. हे रीतीला धरून नाही, अशी कुरकुर लंडनकडील प्रतिष्ठित मंडळींनी पुढे केली. ज्यांना सारे वर्षच विश्रांतीचे, त्यांना दुसऱ्याचे चार दिवस डोळ्यांत खुपावेत, ही मौज खरी.

सामना झाला ३१ मार्च १८८३ रोजी लंडनच्या केनिंग्टन ओव्हल मैदानावर. त्या वर्षी पुनरुत्थानाचा सण २५ मार्चला आला होता, म्हणजे तो त्या सणाच्या सप्ताहातील शनिवार. पहिला गोल ईटनच्या गुडहार्ट यांनी केला. उत्तरार्धात ऑलिंपिकच्या मॅथ्यूज यांनी बरोबरी साधली. मध्येच ईटनचे डन जखमी होऊन बाहेर गेले. बदली खेळाडूची सोय त्या काळी नव्हती; ईटनकर दहाच उरले. वाढीव वेळेत कॉस्टली या सूत कातणाऱ्या तरुणाने विजयाचा गोल केला. २-१! त्यानंतर माजी विद्यार्थ्यांच्या कोणत्याही संघाला तो चषक पुन्हा मिळाला नाही.

आता बार्देशात येऊ. फादर विल्यम रॉबर्ट लायन्स हे धर्मगुरू याच वर्षी प्रकृतिस्वास्थ्यासाठी शिवोलीस आले. स्वस्थ बसणे त्यांच्या स्वभावात नसावे. त्यांनी मुलांना शिकवावयास घेतले आणि शिक्षणाबरोबर चेंडूही दिला. पुढे हडफडे येथील सेंट जोसेफ विद्यालय त्यांनीच उभारले. राशोलच्या गुरुविद्यालयातही हा खेळ रुजला. तेथून धर्मगुरू होऊन बाहेर पडणाऱ्या तरुणांबरोबर तो गावोगावच्या धर्मग्रामांत पोहोचला. शिवोलीला लागूनच आसगाव आहे. तेथे जन्मलेल्या नेव्हिल डिसोझा यांनी १९५६ च्या मेलबर्न ऑलिंपिकमध्ये ऑस्ट्रेलियाविरुद्ध तीन गोल केले आणि भारताने तो सामना ४-२ असा जिंकला. फादर लायन्स यांच्या आगमनास शंभर वर्षे झाली त्याच सुमारास, १९८३-८४ च्या हंगामात, गोव्याने संतोष चषक जिंकला.

आमच्याकडे चेंडू शाळेच्या दारातून आला, हे चांगलेच झाले. पण त्यामुळे एक उणीवही राहून गेली. शाळा सुटली की खेळही सुटतो. सिल्वासा १९५४ साली पोर्तुगीज अमलातून मुक्त झाले तेव्हा शेतीचा व जंगलाचा मुलूख होता; आज येथे धाग्याचे मोठमोठे कारखाने आहेत. आमच्या कुटुंबांतील कितीतरी मुले अठराव्या वर्षी पाळीवर जाऊ लागतात. रात्रपाळी करून आलेल्या मुलाला सकाळी खेळावयास जाऊ नको म्हणणाऱ्या आईला आम्ही दोष देत नाही. तिला त्याचे सुजलेले डोळे दिसतात. परंतु धर्मग्रामाच्या सामन्यांची आखणी करताना कार्यकर्ते विद्यार्थ्यांच्या सुट्ट्या पाहतात, पाळ्यांचा तक्ता कोणी पाहत नाही, हे आम्हांस खटकते. कॉस्टली आज सिल्वासात असता तर त्याचे नाव संघाच्या यादीत आले नसते. त्या दिवशी त्याची दुसरी पाळी असती.

तेव्हा येत्या हंगामापूर्वी कार्यकर्त्यांनी मुलांच्या पाळ्या विचारून मगच दिवस ठरवावेत, आणि शक्य तेथे एकदोघांनी कारखान्याच्या व्यवस्थापकांना भेटून चार दिवसांच्या रजेविषयी बोलून पाहावे. ब्लॅकपूलचा किनारा आमच्याकडे नसला, तरी दमणगंगेचा काठ आहे, आणि दमणचा समुद्र काही फार दूर नाही.