शेताचे नाव सातबाऱ्यावर बहुधा नसते

खरीप आणि रब्बी हे दोन्ही शब्द मुळात अरबी. अरबीत खरीफ म्हणजे शरद ऋतू आणि रबी म्हणजे वसंत. पण आपली खरिपाची पेरणी मृगात होते. मग शरदाचे नाव त्या हंगामाला कसे पडले? उत्तर खळ्यावर मिळते. मृगात पेरलेले पीक शरदात घरी येते आणि परतीच्या पावसावर पेरलेली ज्वारी वसंताच्या तोंडावर निघते. ही नावे पेरणीची नाहीत, काढणीची आहेत. नाव देणाऱ्याचा डोळा साऱ्यावर असावा, असे मला वाटते. पीक पदरात पडल्याशिवाय वसुली कशाची करणार?

सातारा जिल्ह्यातल्या माण-खटावच्या कोरड्या पट्ट्यात मी तलाठी म्हणून नोकरी केली. दप्तर सांभाळताना शब्द टिपून ठेवायची सवय लागली आणि तिने माझ्या कामाला गोडी आणली. नोकरी संपली, वही सुरू आहे. या छंदाला पैसा लागत नाही. कान उघडे लागतात आणि 'हे असे का म्हणतात?' हा प्रश्न मनात जागा असावा लागतो.

महसूल खात्याची भाषा तर शब्दवेड्याला आयती मिळालेली खाण आहे. महसूल या शब्दाचा मूळ अरबी अर्थ हाती आलेले उत्पन्न. आपल्याकडे तो उत्पन्नावरचा सारा झाला. जिरायत अरबी 'जिराअत'वरून आला. तिकडे त्याचा अर्थ नुसती शेती, कोणतीही. मराठीत तो आक्रसला आणि पावसावर अवलंबून असलेल्या शेतीपुरता उरला, कारण पाण्याखालच्या शेतीला फारसी बागेवरून बागायत हा शब्द मिळाला होता. पंचनाम्यातले पंच संस्कृत आणि नामा फारसी. गायरानातले रान म्हणजे संस्कृत अरण्य. शीव म्हणजे सीमा, शेत म्हणजे क्षेत्र. कोतवाल ऐकायला फारसी वाटतो, पण तो मूळचा कोट्टपाल, कोटाचा रखवालदार. आणि सातबारा हा शब्द तर कोणत्याच भाषेतून आला नाही. गाव नमुना सात आणि गाव नमुना बारा या दोन कागदांचे आकडे एकमेकांना चिकटले आणि शब्द तयार झाला. आज तो शेतकऱ्याच्या जिवाचा शब्द आहे. निवडणुकीच्या सभेत 'सातबारा कोरा करू' म्हटले की कोणालाही अर्थ विचारावा लागत नाही.

शब्दाचे मूळ शोधताना सगळ्यात मोठा अडथळा अज्ञानाचा नसतो, अभिमानाचा असतो. एका बाजूला 'सगळे संस्कृतातूनच आले' म्हणणारे आणि दुसऱ्या बाजूला 'परके शब्द काढून टाका' म्हणणारे. दोघांनाही उत्तर आधीच ठाऊक असते, त्यामुळे शोधाचा आनंद त्यांच्या वाट्याला येत नाही. शिवाजी महाराजांनी फारसी शब्दांना संस्कृत पर्याय देणारा राज्यव्यवहारकोश करवून घेतला, ही आपल्या भाषेच्या इतिहासातली फार मोठी गोष्ट आहे. राज्य आपले, तर कारभाराची भाषाही आपली, हा विचार त्यामागे होता आणि त्याबद्दल मला नितांत आदर आहे. पण पुढे काय झाले तेही पाहावे. अष्टप्रधानांतल्या मंत्री आणि सचिव या पदनामांनी आजचे मंत्रालय चालते. पेशव्यांना मात्र पंतप्रधान हे नाव मिळूनही लोक पेशवेच म्हणत राहिले. डबीराचा सुमंत झाला, पण आज यातले एकही पद उरले नाही. दोन्ही शब्द आडनावांत राहिले. राजाने शब्द द्यावा, विद्वानाने सुचवावा, पण ठेवायचा की नाही हे बोलणारे लोक ठरवतात. सावरकरांनी रूढ केलेले महापौर आणि दिनांक आपण आज सहज वापरतो, आणि तारीखही वापरतो. भाषेला दोन्ही लागले, तिने दोन्ही ठेवले.

हे शोधायला ग्रंथालयच गाठले पाहिजे असे नाही. उपासाचे ताट समोर घ्या. उपास म्हणजे उपवास, इथपर्यंत सोपे. साबुदाण्यातला साबू मलाय भाषेतल्या 'सागू'चा, आणि ज्या कंदापासून आपला साबुदाणा होतो तो कसावा दक्षिण अमेरिकेतला. बटाटा हा शब्द कॅरिबियन बेटांवरच्या लोकांचा. तिथे तो रताळ्यासाठी होता. पोर्तुगिजांच्या गलबतातून तो आपल्या किनाऱ्यावर उतरला. मिरचीची गोष्ट उलटी आहे. झाड अमेरिकेतून आले, पण नाव आपण घरातले दिले. संस्कृतात मरिच म्हणजे मिरे. तिखटाला आपल्याकडे तोच शब्द होता, म्हणून नव्या तिखटालाही तोच लावला. तूप कन्नड 'तुप्प'शी नाते सांगते. सगळ्यात नवल मिठाचे: मीठ हा शब्द संस्कृत मिष्टपासून आला आणि मिष्ट म्हणजे गोड, चविष्ट. पदार्थाला चव आणते ते मीठ. ज्या ताटाला आपण सगळ्यात सोवळे मानतो, त्यात सातासमुद्रापारचे शब्द सुखाने नांदतात. मला यात कमीपणा वाटत नाही. मराठीने जगाशी केलेल्या व्यवहाराची ती पावती आहे.

अर्थात नुसते कानाला सारखे वाटले म्हणून मूळ सापडत नाही. आमच्या भागात एका शेताचे नाव होते 'लवण'. नवा शिकलेला एक सहकारी म्हणाला, लवण म्हणजे मीठ, तेव्हा जमीन खारवट असणार. शेताचे मालक असलेले आप्पा आम्हाला बांधावर घेऊन गेले. ''भाऊसाहेब, खारी जमीन म्हणजे चोपण, ती तिकडं वढ्याकडंला. हितं बघा, रान कसं खाली लवलंय. वरचं सगळं पाणी हितं येतं, म्हणून हे लवण.'' त्या शेतात माती काळी होती आणि ज्वारी कमरेच्या वर. हे लवण संस्कृत नम् धातूचे, वाकणे या अर्थाचे. नमणे आणि लवणे ही एकाच घरची क्रियापदे. मिठाशी त्याचा काही संबंध नाही. जमीन पाहिल्याशिवाय त्या शब्दाचे मूळ कळले नसते, आणि आप्पांना विचारल्याशिवाय जमीन कळली नसती.

असेच मोटेचे. 'विरोधकांची मोट बांधली' असे वर्तमानपत्रांत रोज छापून येते. पुष्कळांना वाटते ही विहिरीवरची चामड्याची मोट. पण मोट म्हणजे गाठोडे असाही जुना अर्थ आहे आणि बांधतात ते गाठोडे. विहिरीवरची मोट हाकतात. एका क्रियापदाकडे नीट पाहिले की गुंता सुटतो. कधी कधी एक नियम हाती लागतो आणि शब्दांची अख्खी रांग उलगडते. कुंभकाराचा कुंभार झाला, लोहकाराचा लोहार, सुवर्णकाराचा सोनार, चर्मकाराचा चांभार. प्राकृताच्या तोंडी मधला 'क' गळाला. मग अंधार म्हणजे अंधकार हे कोणी सांगावे लागत नाही. उष्णकालाचा उन्हाळा कळला की हिवाळ्यातले हिम आपोआप दिसते. शाळेतल्या मुलांना हे एकदा दाखवावे आणि त्यांचे चेहरे पाहावेत. व्याकरणाच्या तासाला असा आनंद मी क्वचित पाहिला आहे.

हे काम करणाऱ्यांची आपल्याकडे मोठी परंपरा आहे. मोल्सवर्थ हा कंपनी सरकारच्या फौजेतला अधिकारी. त्याच्या मराठी-इंग्रजी कोशाची दुसरी आवृत्ती 1857 साली निघाली, तिच्यात सुमारे साठ हजार शब्द आहेत. शेताभातातले, बाजारातले शब्दही त्याने सोडले नाहीत. दाते आणि कर्वे यांच्या महाराष्ट्र शब्दकोशाचे सात खंड 1932 ते 1938 या काळात प्रसिद्ध झाले. कृ. पां. कुलकर्णी यांचा व्युत्पत्तिकोश 1946 चा. मोल्सवर्थ आणि दाते-कर्वे यांचे कोश आज शिकागो विद्यापीठाच्या संकेतस्थळावर कोणालाही फुकट पाहता येतात. माणच्या एखाद्या वाडीतल्या मुलालाही मोबाइलवर मोल्सवर्थ उघडता येतो. माझ्या तरुणपणी हे भाग्य नव्हते.

पण कोशकारांपर्यंत जे शब्द पोहोचलेच नाहीत त्यांचे काय? शेतांना नावे असतात. चिंचेचे वावर, म्हसोबाची पट्टी, टेकावरचा तुकडा, मोटवणाचे रान. 1947 च्या तुकडेबंदी-तुकडेजोड कायद्यानंतर गावोगाव जमिनींचे एकत्रीकरण झाले, जुने सर्व्हे नंबर जाऊन गट नंबर आले. कारभाराला ते आवश्यक होते. पण सातबाऱ्यावर गट नंबर हमखास असतो, शेताच्या स्थानिक नावाचा रकाना मात्र पुष्कळदा कोराच राहतो. अशी नावे फक्त तोंडी चालत आली. विजेचा पंप आला आणि मोटेबरोबर नाडा, सोंदूर, थारोळे, धाव हे शब्दही विहिरीवरून उठले. मोटवणाचे रान हे नाव तेवढे राहिले. ते नाव घेणारी पिढीही आता थकली आहे, आणि पुढची पिढी पुण्या-मुंबईत नोकरीला आहे. शेत विकले जाते, तिथे प्लॉट पडतात आणि त्याबरोबर नाव पुसले जाते. कोणत्याही कोशात ते सापडणार नाही, कारण बहुधा ते कोणी लिहूनच ठेवलेले नसते.

मराठीला 3 ऑक्टोबर 2024 रोजी अभिजात भाषेचा दर्जा मिळाला. त्याचा आनंद मलाही झाला. पण भाषा जुनी आहे हे सिद्ध झाल्यावर तिच्यातले जे आज हातातून निसटते आहे ते लिहून घेणे हे आपले पहिले कर्तव्य ठरते. त्यासाठी मोठा निधी लागत नाही. प्रत्येक ग्रामपंचायतीने गावच्या गट नकाशाशेजारी शेतांच्या नावांची यादी लावावी. ती करण्याचे काम शाळेतल्या मुलांना द्यावे. मुले आजोबांबरोबर शिवारात जातील आणि नाव विचारतील. भाषा आणि भूगोल यांचा याहून चांगला तास मला सुचत नाही.

आणि वाचकहो, तुमच्यासाठी एक सांगणे. एक साधी वही घ्या. घरातल्या वडीलधाऱ्यांच्या तोंडचा अनोळखी शब्द आला की तो लिहा, ज्या वाक्यात आला ते पूर्ण वाक्य लिहा, बोलणाऱ्याचे नाव, गाव आणि तारीख लिहा. अर्थ त्यांनाच विचारा. मूळ शोधायला कोश आहेत आणि पुढे अभ्यासकही मिळतील; पण शब्दच नोंदला गेला नाही तर त्यांच्या हाती शोधायला काही उरणार नाही. आईला, आजीला, गावाकडच्या चुलत्यांना आजच फोन करा आणि तुमच्या शेतांची नावे विचारून घ्या.